दख्खनचा सुभा आणि त्याची राजधानी : पैठणपासून औरंगाबादपर्यंत

पाचोडच्या माणसाला तिन्ही बाजूंना इतिहास आहे. पश्चिमेला पैठण. महामार्गाने दक्षिणेला गेलं की शहागडला गोदावरी ओलांडायची. उत्तरेला आडूलवरून शहर, म्हणजे आजचं छत्रपती संभाजीनगर, जुनं औरंगाबाद, त्याहून जुनं खडकी. दाखल्यासाठी, कोर्टासाठी, दवाखान्यासाठी आपण त्याच शहरात जातो. का जातो? कारण ते आजही एका मोठ्या मुलखाचं मुख्य ठाणं आहे, आणि हे काम त्याच्याकडे चारशे वर्षांपूर्वी आलं.

अलीकडे या शहराचा इतिहास म्हटलं की चर्चा नावापाशी सुरू होते आणि नावापाशीच संपते. एका बाजूला एक बादशहा, दुसऱ्या बाजूला एक राजा. ज्यांनी शहर वसवलं, पाणी आणलं, जमिनी मोजल्या, पेठा उभ्या केल्या, त्यांची नावं मधल्यामध्ये हरवतात. घरातल्या शिकणाऱ्या मुलांना सांगायला सोपं जावं म्हणून हा इतिहास इथे एकत्र देत आहोत.

सुरुवात पैठणपासून

या मुलखाची पहिली मोठी राजधानी पैठण, तेव्हाचं प्रतिष्ठान. इसवी सनाच्या आधीच्या आणि नंतरच्या शतकांत सातवाहन राजांनी इथून राज्य केलं. त्याच काळात रोमन साम्राज्याचा इजिप्त हा प्रांत भरभराटीला होता. इसवी सनापूर्वी ३० साली रोमने इजिप्त ताब्यात घेतला, आणि त्या प्रांताची राजधानी होती समुद्रकाठचं अलेक्झांड्रिया, ज्याला अरबीत इस्कंदरिया म्हणतात. हिंदुस्थानचा माल तांबड्या समुद्रातून याच प्रांतात उतरायचा आणि पुढे रोमला जायचा.

पहिल्या शतकात एका ग्रीक भाषिक व्यापाऱ्याने 'पेरिप्लस' नावाची समुद्रमार्गाची माहिती लिहून ठेवली. त्यात पैठणचं नाव आहे. भडोच बंदरापासून दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर पैठण, आणि तिथून पूर्वेला दहा दिवसांवर तगर, म्हणजे धाराशिव जिल्ह्यातलं तेर, असं तो लिहितो. पैठणहून गोमेदासारखे रंगीत दगड आणि तेरहून कापड गाड्यांवर लादून अवघड वाटांनी भडोचला जायचं. दुसऱ्या शतकातल्या टॉलेमीच्या भूगोलातही पैठण एका राजाचं ठाणं म्हणून आलं आहे. म्हणजे आपल्या शेजारच्या गावाचं नाव दोन हजार वर्षांपूर्वी इस्कंदरियाच्या बाजारात माहीत होतं.

इजिप्तचं पुढे काय झालं तेही पाहण्यासारखं आहे. ६४१-४२ च्या सुमारास हजरत अम्र बिन आस (रजि.) यांच्या फौजेने हा प्रांत घेतला. राजधानी मात्र इस्कंदरियाला ठेवली नाही. आजच्या कैरोजवळ फुस्तात हे नवं शहर वसवलं. मदिना आणि फौज यांच्यामध्ये पाणी आडवं येऊ नये अशी हजरत उमर (रजि.) यांची इच्छा होती, असं जुने इतिहासकार सांगतात. प्रांत तोच, शेत तेच, नाईल तीच. राजधानी तेवढी हलली. दख्खनमध्येही हेच पुन्हा पुन्हा घडलं.

डोंगरावरची राजधानी

बाराव्या शतकाच्या शेवटी यादवांनी देवगिरीला राजधानी केली. नदीकाठचा व्यापार सोडून सत्ता डोंगरी किल्ल्यावर गेली. १२९६ मध्ये अलाउद्दीन खिलजीने देवगिरीवर स्वारी केली, १३१८ मध्ये दिल्लीने यादवांचं राज्य पूर्ण खालसा केलं आणि १३२७ मध्ये मुहम्मद बिन तुघलकाने देवगिरीला दौलताबाद नाव देऊन आपली दुसरी राजधानी ठरवलं.

शाळेत हा किस्सा बहुतेक वेळा वेडेपणाचं उदाहरण म्हणून शिकवतात. दिल्लीकरांचे हाल झाले हे खरंच, पण तेवढ्यावर थांबू नये. त्या स्थलांतरात उलमा, सूफी, कवी, कारागीर दख्खनला आले आणि बरेच जण इथेच राहिले. हजरत निजामुद्दीन औलिया (रह.) यांचे खलिफा हजरत बुऱ्हानुद्दीन गरीब (रह.) आणि फारसी कवी अमीर हसन सिज्झी हे त्यांतलेच, दोघेही खुलदाबादला दफन आहेत. दिल्लीची सत्ता इथे वीस वर्षंही नीट टिकली नाही. १३४७ मध्ये दौलताबादलाच बहमनी राज्याची घोषणा झाली आणि लगेच राजधानी गुलबर्ग्याला गेली. सुलतान आले-गेले, माणसं राहिली. मराठवाड्यातल्या मुस्लिम घराण्यांचा इतिहास शोधायचा तर या शतकापासून शोधावा लागतो.

दौलताबाद किल्ला म्हणून बेजोड, पण शहर म्हणून अडचणीचा. मोठी वस्ती, घोडदळ, बाजार यांना लागणारी सपाट जागा आणि पाणी डोंगरकड्यावर कुठून आणणार?

खडकी आणि मलिक अंबर

या प्रश्नाचं उत्तर दिलं एका हबशी माणसाने. मलिक अंबर १५४८ च्या सुमारास इथिओपियात जन्मला. लहानपणी गुलाम म्हणून विकला गेला. मोखा, बगदाद असं करत दख्खनला आला. निजामशाहीचा पेशवा चंगेजखान याने त्याला विकत घेतलं. चंगेजखान स्वतःही हबशीच होता. मालक वारल्यावर अंबर मोकळा झाला, शिपाईगिरी करत वर चढला. १६०० मध्ये मोगलांनी अहमदनगरचा किल्ला घेतला तेव्हा निजामशाही संपली असंच सगळ्यांना वाटलं. अंबरने परांड्याला दुसरा मुर्तजा निजामशहा याला गादीवर बसवलं आणि पुढची पंचवीस वर्षं मोगलांना दख्खनमध्ये स्वस्थ बसू दिलं नाही. जहांगीरने आपल्या आत्मचरित्रात त्याला शिव्या घातल्या आहेत. शत्रूकडून याहून मोठी पावती कोणती मिळणार!

१६१० मध्ये त्याने दौलताबादच्या पायथ्यापासून थोडं दूर, खाम नदीच्या काठी खडकी नावाच्या खेड्याच्या जागी शहर वसवलं. भडकल दरवाजा, नौखंडा महाल, जामा मशिदीचा मूळ भाग ही त्याच्या काळातली कामं. पण त्याचं खरं काम जमिनीखाली आहे, नहर-ए-अंबरी.

ही नहर समजून घेण्यासारखी आहे. शहराच्या उत्तरेला हर्सूलच्या बाजूला खाम नदीच्या पात्राजवळ जमिनीत मुरलेलं पाणी आहे. ते विहिरींसारख्या खोदकामात गोळा करायचं आणि जमिनीखालच्या बांधीव मार्गाने, हलका उतार देत, शहराकडे सोडायचं. ठरावीक अंतरावर विहिरीसारखी तोंडं ठेवलेली, म्हणजे गाळ काढायला माणूस आत उतरू शकतो आणि आत हवाही खेळते. पाणी झाकलेलं असल्यामुळे उन्हाने उडत नाही, घाणही कमी होते. शहरात आल्यावर ते मातीच्या नळांतून हौदांत, मशिदींत, वाड्यांत फिरवलेलं. ना मोट, ना रहाट, ना पंप. सगळं काम उताराचं. इराणकडे अशा भूमिगत पाटांना कनात म्हणतात. मलिक अंबरने ती विद्या दख्खनच्या काळ्या दगडात बसवली. त्याच्या पाठोपाठ इतरांनीही नहरी केल्या. पाणचक्की चालते ती अशाच एका नहरीवर. बाबा शाह मुसाफिर (रह.) यांच्या दर्ग्याजवळ वरून पडणाऱ्या पाण्याच्या जोरावर जातं फिरायचं आणि फकिरांसाठी, तालिब-ए-इल्मांसाठी पीठ दळलं जायचं.

खडकी दोनदा उद्ध्वस्त झाली. १६१६ मध्ये जालना जिल्ह्यातल्या रोषणगावाजवळच्या लढाईत अंबर हरला आणि मोगल फौजेने शहर जाळलं. १६२१ मध्ये शाहजहान, तेव्हाचा शहजादा खुर्रम, पुन्हा चालून आला. दोन्ही वेळा शहर परत उभं राहिलं. पाणी शिल्लक होतं, म्हणून वस्ती परतली.

अंबरचं सैन्य एका जातीधर्माचं नव्हतं. हबशी होते, दख्खनी मुसलमान होते आणि मराठे सरदार मोठ्या संख्येने होते. मालपुरा, खेळपुरा, परसपुरा, विठापुरा ही खडकीतल्या जुन्या पुऱ्यांची नावं मालोजी, खेळोजी, परसोजी, विठोजी या सरदारांवरून पडली, असं जुन्या गॅझेटियरमध्ये नोंदलेलं आहे. १६२४ च्या भातवडीच्या लढाईत शहाजीराजे अंबरच्या बाजूने लढले. त्यांचे भाऊ शरीफजी तिथे पडले. त्या लढाईत अंबरने मोगल आणि आदिलशाही अशा दोन्ही फौजांचा एकत्र पराभव केला. दोन वर्षांनी, मे १६२६ मध्ये, तो वारला. मुलगा फतहखान याच्या नावावरून शहराला काही काळ फतहनगर म्हणू लागले. बापाचं शहाणपण मुलात नव्हतं. १६३३ मध्ये दौलताबाद मोगलांनी घेतला, १६३६ मध्ये निजामशाही संपली.

सुभा म्हणजे काय

रोमन लोक ज्याला प्रांत म्हणत, त्याला मोगलांच्या कारभारात सुभा म्हणायचे. सुभ्यात सरकार, सरकारात परगणे, परगण्यात मौजे. वर सुभेदार: फौज आणि बंदोबस्त त्याच्याकडे. त्याच्या शेजारी दिवाण: पैसा आणि महसूल त्याच्याकडे. दोघे एकमेकांवर नजर ठेवून, म्हणजे कुणी एकटा डोईजड होणार नाही.

१६३६ मध्ये शाहजहानने अठरा वर्षांच्या औरंगजेबाला दख्खनचा सुभेदार नेमलं. त्याच्या हाताखाली खानदेश, वऱ्हाड, तेलंगण आणि दौलताबाद असे चार सुभे होते. १६४४ पर्यंत तो इथे होता. १६५३ मध्ये दुसऱ्यांदा आला आणि तेव्हाच खडकीचं नाव औरंगाबाद झालं. विजापूर १६८६ मध्ये आणि गोवळकोंडा १६८७ मध्ये पडल्यावर सुभे सहा झाले: खानदेश, वऱ्हाड, औरंगाबाद, बीदर, विजापूर, हैदराबाद.

दुसऱ्या सुभेदारीत त्याच्यासोबत एक दिवाण होता, मुर्शिद कुलीखान. मूळचा खुरासानचा. (बंगालचा प्रसिद्ध मुर्शिद कुलीखान वेगळा, तो नंतरचा.) लढाया आणि दुष्काळ यांनी दख्खनची शेती मोडली होती, गावं ओस पडली होती. या माणसाने पळालेल्या रयतेला परत बोलावलं, बी-बैलासाठी तगाई दिली, गावोगाव मुकादम नेमले. जमीन मोजून घेतली. जिथे मोजणी जमत नव्हती तिथे नांगरामागे ठोक सारा ठेवला, आणि जिथे पीक वाटून घ्यायचं तिथे पावसाच्या पिकात निम्मा, विहिरीच्या पाण्यावरच्या धान्यात तिसरा हिस्सा अशी दरं बांधली. विहीर खणायला शेतकऱ्याचा खर्च होतो, म्हणून बागायतीत सरकारचा हिस्सा कमी. तीनशे सत्तर वर्षांपूर्वीचा हा हिशेब आजच्या मोसंबीवाल्यालाही पटेल. अर्थात निम्मं पीक देणं काही हलकं नव्हतं, आणि वसुलीच्या वेळी कागदावरची दयामाया रानात कितपत उतरत असेल हे शेतकरी घरातल्या माणसाला सांगायला नको.

दख्खनमध्ये ही पद्धत त्याच्याही आधीची. मलिक अंबरने महसुलाची मक्तेदारी मोडून प्रत्यक्ष पीक बघून सारा ठरवला होता. मराठीत त्याला 'मलिकंबरी धारा' म्हणतात. तलाठ्याकडच्या कागदावर गावाच्या नावामागे लागणारा 'मौजे' हा शब्द, महसूल, जमाबंदी, तहसील, तालुका, जिल्हा, खरीप, रब्बी हे सगळं त्याच कारभारातून आलं. हिंदू-मुसलमान दोघांच्या तोंडी ते इतके रुळलेत की ते अरबी-फारसी आहेत हे कुणाला जाणवतही नाही.

शहर भरात आलं

राजधानी झाली की सरदार येतात आणि सरदारांबरोबर पुरे येतात. जयसिंगपुरा मिर्झाराजे जयसिंगांचा, करणपुरा बिकानेरच्या करणसिंगांचा, पदमपुरा त्यांच्या मुलाचा, पदमसिंगाचा. नवरात्रात ज्या देवीच्या यात्रेला सगळं शहर लोटतं, ती करणपुऱ्याची देवी या राजपुतांबरोबर आली. औरंगजेबाची बेगम दिलरस बानू १६५७ मध्ये वारली. बीबी का मकबरा तिच्या कबरीवर बांधला. त्याचा वास्तुकार अताउल्ला आणि अभियंता हंसपतराय, दोन्ही नावं नोंदलेली आहेत. 'ताजमहालची नक्कल' म्हणून त्याला हिणवायची पद्धत पडली आहे. खर्च ताजच्या मानाने फारच थोडा, सहा-सात लाखांच्या घरातला. संगमरवर जपून वापरलेला, बाकी गिलाव्याचं काम. त्या गिलाव्यावरची नक्षी जवळ जाऊन पाहावी, मग बोलावं.

आज शहराला ज्यांचं नाव आहे त्यांचाही या राजधानीशी संबंध त्यांच्या बालपणीच आला. पुरंदरच्या तहानंतर संभाजीराजांना पाच हजारांची मनसब मिळाली आणि १६६७ मध्ये ते औरंगाबादला शहजादा मुअज्जम याच्या भेटीला आले होते. तेव्हा त्यांचं वय दहा. पुढे १६८९ मध्ये औरंगजेबानेच त्यांना पकडून ठार केलं. एकाच शहराच्या इतिहासात या दोन्ही गोष्टी आहेत.

१६८२ मध्ये बादशहा स्वतः दख्खनला येऊन औरंगाबादला थांबला. शहराभोवतीचा तट त्याच काळातला. चार मुख्य दरवाजे चार वाटांचे: उत्तरेला दिल्ली, पूर्वेला जालना, दक्षिणेला पैठण, पश्चिमेला मक्का. त्यानंतर तो उत्तरेला परतलाच नाही. पंचवीस वर्षांच्या लढायांनी खजिना आणि मुलूख दोन्ही रिकामे झाले. १७०७ मध्ये अहमदनगरजवळ त्याचं निधन झालं, दफन खुलदाबादला.

दिल्लीची सत्ता ढिली झाली, पण औरंगाबादची भाषा मात्र फुलली. वली दख्खनी याच शहराचा मानला जातो. १७०० च्या सुमारास तो दिल्लीला गेला आणि त्याच्या गझलांनी तिथल्या फारसीवाल्यांना उर्दूत लिहायची हिंमत दिली. त्याच्यानंतर सिराज औरंगाबादी. आझाद बिलग्रामींसारखा आलीम इथे स्थायिक झाला आणि लक्ष्मीनारायण शफीक हा त्यांचा शागीर्द उर्दू कवींचा चरित्रकोश लिहून गेला.

१७६३

१७१९ मध्ये मराठ्यांना या सहा सुभ्यांच्या चौथाई-सरदेशमुखीच्या सनदा मिळाल्या. म्हणजे सुभा एक, वसूल करणारे दोन. १७२४ पासून दख्खनचा कारभार निजाम-उल-मुल्क आसफजहाच्या हातात गेला आणि त्याची राजधानी औरंगाबादच होती. झगडा मग आपल्याच भागात चालला: १७२८ मध्ये वैजापूर तालुक्यातल्या पालखेडला बाजीरावाने निजामाला कोंडलं आणि पैठणजवळच्या मुंगी-शेवगावला तह झाला. १० ऑगस्ट १७६३ ला गेवराई तालुक्यातल्या राक्षसभुवनला गोदावरीकाठी माधवराव पेशव्यांनी निजाम अलीच्या फौजेला हरवलं. निजामाचा दिवाण विठ्ठल सुंदर तिथेच मारला गेला. दिवाण हिंदू, पेशव्यांचा शत्रू. तेव्हाच्या लढाया धर्माच्या सरळ रेषेवर बसत नाहीत त्या अशा.

त्याच वर्षी निजाम अलीने राजधानी हैदराबादला नेली. सरहद्दीवरचं शहर मराठ्यांच्या माऱ्याखाली होतं, हैदराबाद आत सुरक्षित होतं. सरदार गेले, कचेऱ्या गेल्या, वाडे पडके झाले. हिमरू-मशरूचे माग राहिले, दर्गे राहिले, नहरी राहिल्या.

तरी ठाणं गेलं नाही. निजामाच्या राज्यात औरंगाबाद एका सुभ्याचं मुख्य ठिकाण होतं आणि तिथल्या मोठ्या अधिकाऱ्याला सुभेदारच म्हणत. शहरातल्या सरकारी विश्रामगृहाचं नाव आजही 'सुभेदारी' आहे. १९०० मध्ये रेल्वे आली. १९४८ मध्ये हैदराबाद संस्थान भारतात आलं, १९५६ मध्ये मराठवाडा मुंबई राज्यात आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात. विद्यापीठ १९५८ चं. आज आठ जिल्ह्यांच्या महसूल विभागाचे आयुक्त इथेच बसतात. शहराच्या नव्या नावाला २०२३ मध्ये केंद्राची मंजुरी मिळाली.

आता पाण्याचं. १९७६ मध्ये पैठणला जायकवाडी धरण पूर्ण झालं आणि शहराचं पाणी तिथून येऊ लागलं. पन्नास किलोमीटर, चढावर, पंपाने, विजेवर. लोकसंख्या इतकी वाढली आहे की नहरींनी एकट्याने ती भागणार नाही, हे मान्य. पण कित्येक दिवसांआड नळाला पाणी येणाऱ्या शहरात, फुकट वाहणाऱ्या पाण्याच्या वाटेवर घरं बांधली जातात, पाया खणताना नळ फुटतात, तोंडं बुजवली जातात. यात कुठल्या एका समाजाचा दोष नाही. आपल्या मोहल्ल्यांतही हेच चाललं आहे. जुन्या मशिदीच्या हौदात पाणी कुठून येतं, हे तिथल्या वडीलधाऱ्यांना विचारून लिहून ठेवलं तरी पुष्कळ होईल. नहरींचे नकाशे अशाच माहितीतून पूर्ण होतात.

मुलांना घेऊन जायचं असेल तर पाचोडहून एका दिवसात होतं. सकाळी भडकल दरवाजा आणि पाणचक्की, मग दौलताबाद, दुपारनंतर खुलदाबाद. औरंगजेबाची कबर हजरत जैनुद्दीन शिराजी (रह.) यांच्या दर्ग्याच्या आवारात आहे, उघड्या आभाळाखाली. तिथे सगळेच जातात. मलिक अंबरचा मकबरा हजरत जर जरी जर बख्श (रह.) यांच्या दर्ग्याच्या बाजूला, थोडा आडवाटेला. शेजारी त्याच्या बायकोची, बीबी करीमाची कबर आहे. तिथे गर्दी नसते.